सिकलसेल: डीएनएच्या रचनेपासून यवतमाळच्या तपासणी अहवालापर्यंत

यवतमाळ जिल्ह्यात घाटंजी, केळापूर किंवा झरी जामणी तालुक्यात सिकलसेलची पूर्ण रक्ततपासणी झाली की अहवालावर दोन अक्षरे येतात. ‘एए’ म्हणजे सिकलसेलचे जनुक नाही, ‘एएस’ म्हणजे वाहक आणि ‘एसएस’ म्हणजे रुग्ण. यातला ‘एस’ नेमका काय आहे हे कळायला जवळपास अर्धे शतक लागले. त्याच काळात डीएनएची रचनाही उलगडली. या दोन शोधांत काही माणसे आणि एक प्रयोगशाळा सामाईक आहे.

विळ्यासारख्या पेशी

१९१० साली शिकागोचे डॉक्टर जेम्स हेरिक यांनी ग्रेनाडा बेटावरून आलेल्या एका विद्यार्थ्याच्या रक्तातील विचित्र पेशींचे वर्णन प्रसिद्ध केले. तांबड्या पेशी गोल असण्याऐवजी विळ्यासारख्या वाकलेल्या होत्या. पुढे रोगाला नावही विळ्यावरूनच पडले. इंग्रजीत ‘सिकल’ म्हणजे विळा. अशा पेशी बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात. मग हाडे आणि सांधे असह्य दुखतात, पेशी लवकर फुटल्यामुळे रक्त कमी होते, प्लीहा निकामी होते आणि जंतुसंसर्ग वारंवार होतो.

यामागचे कारण १९४९ साली अमेरिकन रसायनशास्त्रज्ञ लायनस पॉलिंग यांनी शोधले. त्यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी निरोगी माणसाचे आणि रुग्णाचे हिमोग्लोबिन विजेच्या क्षेत्रात सोडले. दोन्ही वेगवेगळ्या वेगाने सरकले, म्हणजे दोन्हींवरचा विद्युतभार वेगळा होता. वाहकांच्या रक्तात दोन्ही प्रकार एकत्र सापडले. एखाद्या रोगाचे मूळ एका रेणूत आहे, हे इतक्या स्पष्टपणे प्रथमच दिसले. ही पद्धत म्हणजे इलेक्ट्रोफोरेसिस. सिकलसेलच्या पक्क्या निदानासाठी ती आजही वापरतात.

भार विसरलेला रसायनशास्त्रज्ञ

हिमोग्लोबिन कसे बनवायचे याची सूचना पेशीत कुठे लिहिलेली असते, हे मात्र अजून स्पष्ट नव्हते. डीएनए हा पदार्थ फ्रिडरिश मिशर यांनी १८६९ मध्येच जखमेच्या पट्ट्यांवरील पुवातून वेगळा केला होता, पण त्याला फारसे महत्त्व कोणी दिले नाही. १९४४ मध्ये ऑस्वाल्ड एव्हरी आणि सहकाऱ्यांनी जिवाणूंवरील प्रयोगांतून आनुवंशिक गुण डीएनएच वाहून नेतो हे दाखवले. त्यानंतर एर्विन चारगाफ यांना आढळले की डीएनएच्या चार घटकांपैकी ‘ए’ आणि ‘टी’ यांचे प्रमाण सारखे असते, तसेच ‘जी’ आणि ‘सी’ यांचेही.

लंडनच्या किंग्ज कॉलेजात रोझालिंड फ्रँकलिन क्ष-किरणांनी डीएनएच्या धाग्यांचा अभ्यास करीत होत्या. मे १९५२ मध्ये त्यांच्या मार्गदर्शनाखाली रेमंड गोसलिंग यांनी घेतलेले ५१ क्रमांकाचे छायाचित्र प्रसिद्ध आहे. त्यातली ठळक फुली सांगत होती की रेणूला पीळ आहे.

पॉलिंगही या शर्यतीत होते. १९५३ च्या सुरुवातीला त्यांनी तीन पदरांची रचना मांडली. त्यात फॉस्फेटचे गट आतल्या बाजूला, एकमेकांना खेटून होते. फॉस्फेटवर ऋण भार असतो, त्यामुळे असे पदर एकमेकांना दूर लोटतील. ज्या माणसाने हिमोग्लोबिनमधला भाराचा बारीकसा फरक पकडला होता, त्याने डीएनएमध्ये भाराचाच हिशेब चुकवावा, हे नवलच.

केंब्रिजच्या कॅव्हेंडिश प्रयोगशाळेतील जेम्स वॉटसन आणि फ्रान्सिस क्रिक यांनी योग्य रचना बांधली. पिळाचे दोन पदर, कणा बाहेर, अक्षरे आत. ‘ए’समोर ‘टी’ आणि ‘जी’समोर ‘सी’. २५ एप्रिल १९५३ रोजी ती ‘नेचर’मध्ये प्रसिद्ध झाली. ५१ क्रमांकाचे छायाचित्र मॉरिस विल्किन्स यांनी वॉटसनना दाखवले होते, तेही फ्रँकलिन यांना न कळवता. त्यांची मोजमापेही एका अहवालातून क्रिक यांच्यापर्यंत पोहोचली होती. म्हणून हा दोघांचाच शोध म्हणून सांगणे सोपे असले तरी अपुरे आहे. फ्रँकलिन १९५८ मध्ये ३७ व्या वर्षी वारल्या. १९६२ चे नोबेल वॉटसन, क्रिक आणि विल्किन्स यांना मिळाले.

एक ठिपका सरकला

सिकलसेलचे कोडे याच कॅव्हेंडिशमध्ये सुटले. तिथे व्हर्नन इंग्रॅम यांनी १९५६ मध्ये दोन्ही प्रकारच्या हिमोग्लोबिनचे विकराने तुकडे केले आणि ते कागदावर पसरवले. ठिपक्यांच्या दोन नकाशांत एकच ठिपका जागचा हलला होता. पुढच्या वर्षी त्यातला फरक निश्चित झाला. ग्लुटामिक आम्लाच्या जागी व्हॅलिन आले होते. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत १४६ ॲमिनो आम्ले असतात. त्यांतले सहावे बदललेले. ग्लुटामिक आम्लावर ऋण भार असतो, व्हॅलिनवर नसतो. पॉलिंग यांना दिसलेला फरक तो हाच.

१९६० च्या दशकात हरगोविंद खोराना, मार्शल निरेनबर्ग आदींनी जनुकीय सांकेतिक लिपी उलगडली, तेव्हा या बदलाचे अक्षर सापडले. डीएनएत ‘जीएजी’ऐवजी ‘जीटीजी’. एवढ्याने हिमोग्लोबिनचे रेणू ऑक्सिजन सोडल्यावर एकमेकांना चिकटून लांब दांडे बनवतात आणि पेशीला विळ्याचा आकार येतो.

विदर्भातला ‘एस’

भारतात हे जनुक १९५२ मध्ये, म्हणजे ५१ क्रमांकाच्या छायाचित्राच्याच वर्षी, निलगिरीतील आदिवासींमध्ये आढळले. मध्य भारतातील नोंद १९५८ ची, नागपूरची. पुढे पुण्याचे डॉ. सुदाम काटे यांनी राज्यातील आदिवासी भागांत दीर्घकाळ काम केले. भिल्ल, पावरा, माडिया, परधान अशा काही जमातींत वाहकांचे प्रमाण २० ते ३५ टक्क्यांपर्यंत आढळले. रुग्णसंख्या मोठी असलेल्या जिल्ह्यांत गडचिरोली, चंद्रपूर, नागपूर, भंडारा, नंदुरबार यांच्याबरोबर यवतमाळचेही नाव येते. हा केवळ आदिवासींचा आजार मात्र नाही. विदर्भातील अनुसूचित जाती आणि इतर मागासवर्गीय समाजांतही तो आहे. वाहकांना मलेरियाच्या गंभीर आजारापासून काही संरक्षण मिळते, म्हणून मलेरियाच्या पट्ट्यात हे जनुक पिढ्यान्‌पिढ्या टिकले.

गावातली पहिली तपासणी सोल्युबिलिटीची. रक्ताचा थेंब द्रावणात टाकल्यावर ते गढूळ झाले की ‘एस’ आहे असे समजतात. मात्र ही चाचणी वाहक आणि रुग्ण यांत फरक करू शकत नाही. त्यासाठी इलेक्ट्रोफोरेसिस किंवा एचपीएलसी करावी लागते. पहिल्या चाचणीवर थांबले की वाहकाला उगाच रुग्ण ठरवले जाते, आणि लग्नाच्या गावी त्याचा त्रास मुलीला अधिक होतो. वाहक सहसा आजारी नसतो.

दोघेही वाहक असतील तर प्रत्येक गरोदरपणात मूल ‘एसएस’ असण्याची शक्यता चारात एक असते. ‘एक आजारी झाले, आता पुढची तीन ठीक’ असा अर्थ अनेक जण काढतात, तो चुकीचा आहे. शक्यता दर वेळी नव्याने तेवढीच. शिवाय ‘एसएस’ मुलाला एक ‘एस’ आईकडून आणि एक वडिलांकडून मिळतो, त्यामुळे दोष एकट्या आईला देण्याला शास्त्रात आधार नाही. अशा जोडप्याला गर्भावस्थेतच निदान करून घेता येते. १९७८ मध्ये युएत वाई कान आणि आंद्रे डोझी यांनी गर्भाच्या डीएनएवरून सिकलसेल ओळखण्याची वाट दाखवली, तेव्हापासून हे शक्य झाले.

उपचारात हायड्रॉक्सीयुरियाच्या गोळ्या महत्त्वाच्या आहेत. त्या गर्भावस्थेतल्या हिमोग्लोबिनचे प्रमाण वाढवतात आणि वेदनेचे झटके कमी करतात. हेच हिमोग्लोबिन जनुकसंपादनाने वाढवणारा उपचार ब्रिटन आणि अमेरिकेत २०२३ च्या अखेरीस मंजूर झाला. अमेरिकेत त्याची किंमत २२ लाख डॉलर ठरली. त्याच वर्षी १ जुलैला भारतात राष्ट्रीय सिकलसेल निर्मूलन अभियान सुरू झाले. ४० वर्षांपर्यंतच्या सात कोटी लोकांची तपासणी हे त्याचे लक्ष्य आहे.