चालता वाडा

पुण्या-साताऱ्यात वाडा म्हटलं की दिंडीदरवाजा, फरसबंद चौक आणि सागवानी खांब डोळ्यांपुढे येतात. विट्याहून पूर्वेला आटपाडी-जतच्या बाजूला निघालं की वाडा चालायला लागतो. चार-सहा बिऱ्हाडं, त्यांची मेंढरं, ओझ्याची घोडी, राखणीची कुत्री आणि सामानाच्या वर पाय बांधून बसवलेल्या कोंबड्या, एवढ्या सगळ्याला मिळून धनगर ‘वाडा’ म्हणतात. दिवेलागणीला तो कुणाच्या तरी मोकळ्या रानात उतरतो. कोकरांभोवती वाघूर, म्हणजे जाळी, उभी राहते, तीन दगडांची चूल पेटते. दुसऱ्या दिवशी उन्हं वर यायच्या आत सगळं घोड्यावर चढलेलं असतं आणि मागे राहतात फक्त लेंड्या.

त्या लेंड्यांतच वाड्याची भाकरी होती. शेतकरी मेंढरं रानात ‘बसवून’ घ्यायचा आणि रात्रीच्या हिशेबाने जोंधळा मोजायचा. खताला खत, धान्याला धान्य, आणि सौदा करायला वाड्याचा कारभारी.

हा व्यवहार समजून घ्यायचा तर आधी पाऊस बघावा लागतो. महाबळेश्वरला वर्षाला पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस कोसळतो. तिथून सरळ रेघ मारली तर विटा सव्वाशे किलोमीटरच्या आत, पण ढग इथवर येईतो रिकामे झालेले असतात. पाचशे-सहाशे मिलिमीटर पडला तर बरं साल, आणि पूर्वेकडे सरकाल तसा तोही आटतो. माण नदीच्या काठाचा तो माणदेश. विटा त्याच्या पश्चिमेच्या उंबऱ्यावर बसलेलं गाव. भूगोलाच्या पुस्तकात याला वाळवंट म्हणणार नाहीत, आणि ते बरोबरच आहे. मुरमाड माळ, कुसळी गवत, बाभूळ, बोर, हिवर. पण इथल्या माणसाने शेतीच्या जोडीला फिरण्याचं जे शास्त्र उभं केलं, ते कोरड्या मुलखातल्या माणसांचंच आहे.

दिवाळी झाली, सुगी आटोपली की वाडे ओलीकडे सरकतात. कुणी कृष्णा-वारणेच्या काठाने, कुणी कर्नाटकात, काही घाट उतरून थेट कोकणात. पावसाळ्याच्या तोंडाला परत. ऐन पावसाळ्यात चारा कोकणात आणि धनगर माळावर, हे उलटं वाटतं खरं. पण दख्खनी मेंढरू काटक असलं तरी मुसळधार पावसात आणि चिखलात टिकत नाही, त्याचे खूर सडतात. माणदेशाचा जो कमी पाऊस शेतकऱ्याला बुडवतो तोच मेंढराला मानवतो. उन्हाळ्यात गवत संपलं की खांद्यावरची आकडी कामाला येते. लांब काठीच्या टोकाला कोयता. तिने बाभळीचा डहाळा ओढायचा, शेंगा झाडायच्या, झाड मात्र जगलं पाहिजे एवढ्या बेताने.

वाटा लिहिलेल्या नव्हत्या, त्या गायलेल्या होत्या. धनगरी ओवी रात्र-रात्र चालते. थोडं गायचं, मग तेच गद्यात सांगायचं, पुन्हा गाणं. त्यात बिरोबा येतो, म्हसोबा येतो, आणि देव जिथून जिथून चालला ती गावं, डोंगर, पाणवठेही येतात. हायडेलबर्गचे अभ्यासक ग्युंटर सोन्थायमर यांनी या ओव्या वर्षानुवर्षं ध्वनिमुद्रित केल्या. त्यांचा धनगरी देवतांवरचा ग्रंथ १९७६ मध्ये जर्मनमध्ये आणि १९८९ मध्ये इंग्रजीत आला. ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटातले आदिवासीही पूर्वजांच्या प्रवासाची गाणी गातात, आणि त्या गाण्यांच्या क्रमात पाणी कुठे आहे ते कळतं. ते शिकार आणि कंदमुळांवर जगणारे, हे मेंढपाळ. तुलना फार ताणू नये. तरी मुलूख पाठ करायचा तर गाण्यातच, हे दोघांनाही सुचलं.

देवही असेच, हद्दी न मानणारे. विट्याजवळच्या रेणावीचा रेवणसिद्ध नाथपंथीयांचा, लिंगायतांचा आणि धनगरांचाही. कवठेमहांकाळ तालुक्यातल्या आरेवाडीला बिरोबाचं देऊळ आहे, पण लोक देवळाला जात नाहीत, ‘बनात’ जातात.

फिरण्याच्या या चाकात पहिली मोठी खीळ इंग्रजी अमलात बसली. १८७६ ते ७८ च्या दुष्काळाने दख्खन होरपळला आणि १८७८ मध्येच नवा जंगल कायदा आला. राखीव रानात चराई म्हणजे गुन्हा ठरला. पुढे १९७२ चा दुष्काळ आजही इथल्या म्हाताऱ्यांच्या बोलण्यात वर्ष मोजायचा दगड असतो. व्यंकटेश माडगूळकरांनी ‘बनगरवाडी’ (१९५५) संपवली तीही दुष्काळाने ओस पडलेल्या गावावरच. ते स्वतः आटपाडी तालुक्यातल्या माडगुळ्याचे.

दुष्काळाने विट्याच्या परिसरातल्या शेतकऱ्यांनाही चालायला लावलं, फक्त त्यांच्या हातात आकडीऐवजी मूस आणि भट्टी आली. सोनं-चांदी गाळणारे हे गलाईवाले केरळपासून पंजाबपर्यंत पसरले. यात्रेला मात्र सगळे गावी.

घोंगड्याची गोष्ट वेगळी सांगायला हवी. दख्खनी मेंढराची काळी लोकर कातरायची, पिंजायची, बायकांनी सूत काढायचं आणि सनगर विणकरांनी खड्ड्याच्या मागावर विणायचं. ताण्याला चिंचोक्याची खळ. नवं घोंगडं इतकं ताठ की झोपायच्या आधी त्याला वळण लावावं लागे, आणि पहिल्या पावसात त्याला येणारा मेंढराचा वास ज्याने घेतला तो विसरत नाही. तेच अंथरूण, तेच पांघरूण, तीच खोळ. सुती आणि नायलॉनच्या चादरींपुढे त्याचा भाव गेला. मग कळपही बदलला. जत तालुक्यातल्या माडग्याळ गावाच्या नावाची, उंच, बाकदार नाकाची, पांढऱ्यावर तांबूस ठिपक्यांची मेंढी आली. तिला लोकर जेमतेम, तिचं मोल मटणाचं.

आता पाणीही आलं आहे. कराडजवळ टेंभूला कृष्णा अडवून तिचं पाणी पाच टप्प्यांत वर चढवायचं, ही योजना १९९६ मध्ये मंजूर झाली. खानापूर-आटपाडीच्या माळावर द्राक्ष, डाळिंब आणि चक्क ऊस दिसू लागला. ज्याच्या रानात तीन पिकं उभी, तो मेंढरं कुठे बसवणार? पडीक तुकडा शोधत वाड्याला आता लांबचा वळसा पडतो. दिवाळीनंतर विट्यातून जाणाऱ्या गुहागर-विजापूर रस्त्याच्या कडेला कळप दिसतात, पुढे हाळी देणारा गडी, मागे घोडी, खोगिरावर कोकरांची डोकी. मध्ये कालवा आडवा आला की सगळ्यांना पुलापर्यंत वळवून न्यावं लागतं. जुनी वाट तिथून सरळ गेली होती.