कयामत जवळ आली, मग दहावी कशाला?

मागच्या महिन्यात नववीच्या वर्गात एका मुलाने विचारलं, "सर, कयामतच्या निशाण्या दिसायला लागल्यात म्हणतात. मग दहावीचा अभ्यास कशाला?" मोबाइलवर त्याने तसले व्हिडिओ पाहिले होते. पोरं हसली. मला मात्र 30 सप्टेंबर 1993 ची पहाट आठवली. धरणी हलली, तेव्हा अम्मीच्या तोंडून हाच शब्द निघाला होता, "कयामत!" उजाडल्यावर सास्तूर-किल्लारीकडची गावं जमीनदोस्त झाल्याचं कळलं आणि अब्बा फावडं घेऊन तिकडे निघाले.

हजरत ईसा अलैहिस्सलाम पुन्हा येणार, असं आपण मानतो. ख्रिस्ती बांधवही मानतात. पण कधी आणि कसे, यावर त्यांच्यात जुना वाद आहे. बायबलच्या शेवटच्या पुस्तकात, ‘प्रकटीकरणा’च्या 20व्या अध्यायात, हजार वर्षांच्या राज्याची गोष्ट आहे. काही म्हणतात, धर्मप्रसाराने जग सुधारत जाईल, ते राज्य येईल आणि मग ख्रिस्त येईल. दुसरे म्हणतात, जग बिघडत जाईल, आधी ख्रिस्त येईल, मग राज्य. संत ऑगस्टीनच्या वाटेने जाणारे सांगतात, हजार हा आकडा रूपक आहे. ते राज्य म्हणजे चर्चचा चालू काळच.

हा वाद आपल्या महाराष्ट्रातही येऊन पोचला. 1813 मध्ये गॉर्डन हॉल हे अमेरिकन मिशनरी मुंबईत आले. त्या काळी त्यांच्याकडे पहिल्या मताचा जोर होता. 1818 मध्ये हॉल आणि सॅम्युअल न्यूवेल यांनी पुस्तक लिहिलं. त्यात साठ कोटी माणसांना ख्रिस्ती करण्याचा हिशेब होता. तो हिशेब मला खटकतो, कारण त्यात आपले पूर्वज फक्त एक आकडा आहेत. पण त्याच मिशनने 1824 मध्ये मुंबईत मुलींची शाळा काढली, हेही खरं. हॉल 1826 मध्ये कॉलऱ्याने वारले.

शंभर वर्षांच्या आतच हवा बदलली. दुष्काळातल्या मुलींना आणि विधवांना पंडिता रमाबाईंनी केडगावच्या मुक्ती मिशनमध्ये आणलं होतं. तिथे जून 1905 मध्ये प्रार्थनेची मोठी लाट आली. त्या काळच्या अशा चळवळींत ‘शेवटच्या पावसा’ची भाषा होती. पेरणीला पहिला पाऊस, पीक भरताना शेवटचा, आणि मग कापणी. म्हणजे जगाचा शेवट. मराठवाड्यातल्या माणसाला ही उपमा समजावून सांगावी लागत नाही.

पण शेवट जवळ आला म्हणून केडगावचं काम थांबलं नाही. रमाबाई हिब्रू आणि ग्रीक शिकल्या आणि साध्या बायकांना कळेल अशा मराठीत बायबलचं भाषांतर करत राहिल्या. 1922 मध्ये त्या गेल्या. मुक्तीच्याच छापखान्यातून ते बायबल 1924 मध्ये पूर्ण छापून निघालं. खिळे जुळवणाऱ्या हातांत तिथल्या बायकांचे हात होते.

रमाबाईंची श्रद्धा माझी नाही. पण हातात रोप असताना कयामत आली, तरी जमलं तर ते लावून टाकावं, ही शिकवण आपल्या हदीसमध्ये आहे. आपल्या हातातलं रोप रमाबाईंनी लावलं होतं.

कयामतची वेळ अल्लाहला ठाऊक. दहावीची तारीख बोर्ड जाहीर करतं. त्या मुलाला मी एवढंच म्हणालो, "बेटा, वही उघड."