श्रोणितळाचा उपेक्षित इतिहास

पुढे जघनास्थीपासून मागे माकडहाडापर्यंत पसरलेल्या ज्या स्नायुपटलावर मूत्राशय, गर्भाशय आणि गुदाशय यांचा भार अहोरात्र तोललेला असतो, त्याची नोंद व्हेसालियसच्या १५४३ सालच्या शरीररचनाग्रंथाने शास्त्राच्या दफ्तरी केली खरी; परंतु प्रसूतीनंतर ते शिथिल होऊन मूत्रावरील ताबा सुटणे, ही व्यथा असंख्य स्त्रिया पुढेही शतकानुशतके मुकाट्याने सोसत राहिल्या. अखेर १९४८ साली आर्नल्ड केगेल या अमेरिकन स्त्रीरोगतज्ज्ञाने, नियमित आकुंचनाच्या अभ्यासाने हे स्नायू शस्त्रक्रियेवाचूनही पुन्हा बळकट होऊ शकतात, असे साधार प्रतिपादन केले आणि त्यांचे बळ मोजणारे दाबमापक यंत्रही वापरात आणले. म्हणून लज्जेपोटी हे दुखणे कोणीही लपवू नये. ते डॉक्टरांस निःसंकोच सांगावे, कारण त्यावर उपाय आहे.