सीएफए फ्रँक : एका चलनाची कुळकथा

पश्चिम आणि मध्य आफ्रिकेतल्या १४ देशांत आज सीएफए फ्रँक नावाचे चलन चालते. सेनेगल, आयव्हरी कोस्ट, माली, कॅमेरून, गॅबन, चाड ही त्यांतली काही नावे. पश्चिमेकडच्या आठ देशांची सामाईक मध्यवर्ती बँक डकारला आहे, मध्य आफ्रिकेतल्या सहा देशांची याउंदेला. दोन्हीकडे दर एकच : एका युरोला ६५५.९५७ फ्रँक. हा आकडा आफ्रिकेतल्या कोणत्याही बाजारात ठरलेला नाही. युरो आला तेव्हा एका युरोला ६.५५९५७ फ्रेंच फ्रँक असा दर ठरला, आणि त्या वेळी एका फ्रेंच फ्रँकला १०० सीएफए फ्रँक मिळत. दोन आकड्यांचा गुणाकार झाला, आणि फ्रेंच फ्रँक इतिहासजमा झाल्यानंतरही तो गुणाकार १४ देशांच्या पैशाचे मोल ठरवतो आहे. वसाहती स्वतंत्र झाल्या तेव्हा झेंडा, राष्ट्रगीत आणि संसद त्यांच्या हाती आली, पण पैशाबद्दलचा निर्णय आला नाही. हे कसे घडले, ते या चलनाच्या कुळापासूनच पाहावे लागते.

फ्रँक येण्याआधी या प्रदेशात पैसा नव्हता असे मुळीच नाही. मालदीवच्या समुद्रातल्या कवड्या बंगाल आणि सिंहलमार्गे युरोपीय जहाजांत चढत आणि पश्चिम आफ्रिकेत पोचत. गुलामांच्या व्यापारात युरोपीयांनी त्याच मोजल्या आणि गावच्या बाजारात मीठ-धान्यही त्यांवरच मिळे. फ्रेंचांनी एकोणिसाव्या शतकात सेनेगलमध्ये बँक काढली, तिच्या भांडवलाची गोष्ट मुद्दाम सांगण्यासारखी आहे. १८४८ मध्ये फ्रान्सने वसाहतींतली गुलामगिरी रद्द केली आणि नुकसानभरपाई दिली ती गुलामांना नव्हे, मालकांना. त्या भरपाईचा एक हिस्सा बाजूला काढून १८५३ च्या हुकमाने ‘बाँक द्यु सेनेगाल’ उभी राहिली. पुढे विसाव्या शतकाच्या सुरुवातीला कवड्या करवसुलीतून बाद झाल्या. कर फ्रँकमध्येच भरायचा, आणि फ्रँक मिळवायचा तर भुईमूग किंवा कापूस पिकवून व्यापाऱ्याला घालायचा किंवा मजुरीला जायचे. शेतकऱ्याने घरच्या बाजरीऐवजी निर्यातीचे पीक घ्यावे म्हणून दर वेळी बंदूक दाखवावी लागत नव्हती. कर कोणत्या पैशात भरायचा एवढे ठरवले की पुष्कळसे काम होऊन जाई.

सीएफए फ्रँक या नावाने हे चलन जन्मले ते २६ डिसेंबर १९४५ रोजी. युद्धोत्तर जगाची चलनव्यवस्था ठरवणाऱ्या ब्रेटन वुड्स कराराला मान्यता देताना फ्रान्सने आपल्या फ्रँकचे अवमूल्यन केले आणि त्याच वेळी वसाहतींसाठी वेगळा फ्रँक काढला. एका सीएफएला तेव्हाचे जुने १.७० फ्रेंच फ्रँक, १९४८ पासून २. वसाहतीचा पैसा मायदेशाच्या पैशाहून महाग, हे वरवर औदार्य वाटते. हिशोब वेगळा होता. महाग फ्रँकमुळे डकारमधल्या ग्राहकाला फ्रेंच माल स्वस्त पडला, उलट आफ्रिकेचा माल इतर देशांना महाग झाला, म्हणून तो फ्रान्सच्या राखीव बाजाराकडेच वळला. युद्धाने खंगलेल्या फ्रान्सला डॉलर न मोजता कच्चा माल मिळाला आणि आपल्या कारखान्यांना गिऱ्हाईकही. त्या वेळी सीएफए ही अक्षरे ‘आफ्रिकेतील फ्रेंच वसाहती’ यांसाठी होती. राजकारण बदलले तसा त्यांचा अर्थ दोनदा बदलून घेतला गेला, अक्षरे तीच राहिली.

१९६० च्या सुमाराला एकेक वसाहत स्वतंत्र झाली, पण त्याबरोबरच सहकार्याचे करारही झाले. त्यांतली चलनाची व्यवस्था अशी : फ्रान्स सीएफएच्या परिवर्तनीयतेची, म्हणजे तो फ्रेंच फ्रँकमध्ये बदलून मिळण्याची, हमी देईल, मोबदल्यात या देशांनी आपली परकीय गंगाजळी फ्रेंच कोषागारातल्या खात्यात ठेवायची, प्रथम सगळी, १९७३ पासून ६५ टक्के आणि या शतकात ५० टक्के. मध्यवर्ती बँकांच्या संचालक मंडळांवर फ्रान्सचे प्रतिनिधी बसत. नोटा छापल्या जात फ्रान्समधल्या शामालिएरला. आणि या बँकांची मुख्यालये पॅरिसमध्ये होती. स्वातंत्र्यानंतर सुमारे १७ वर्षांनी, १९७७-७८ मध्ये, ती आफ्रिकेत आली. जो देश यातून बाहेर पडला त्याचे काय झाले हेही सर्वांनी पाहिले. गिनीने १९५८ च्या सार्वमतात फ्रान्सला ‘नाही’ म्हटले आणि मार्च १९६० मध्ये स्वतःचे चलन काढले. फ्रेंच गुप्तहेर खात्याने त्या चलनाच्या खोट्या नोटा ओतून अर्थव्यवस्था खिळखिळी करण्याचा प्रयत्न केला. त्या खात्याचे तेव्हाचे अधिकारी मोरीस रोबेर यांनीच पुढे ते सांगितले.

सीएफए व्यवस्थेवरच्या या टीकेवर जे आक्षेप घेतले जातात ते हलके नाहीत. पहिला, स्थैर्याचा. शेजारच्या घानात १९८३ मध्ये महागाई वर्षाला १०० टक्क्यांवर गेली, नायजेरियाची नायरा वारंवार कोसळली. सीएफए देशांत असे क्वचितच घडले. हे खरे आहे, आणि पगारदाराला व बचत करणाऱ्याला त्याचे मोल आहे. पण ते स्थैर्य कोणत्या किमतीवर मिळाले तेही मांडले पाहिजे. १९८५ नंतर डॉलर घसरला, त्याच सुमारास कोको-कॉफीचे भाव पडले. फ्रेंच फ्रँक डॉलरच्या तुलनेत वधारला, म्हणून सीएफएही वधारला, आणि आयव्हरी कोस्टच्या शेतकऱ्याला दोन्हीकडून मार बसला. महाग चलनात आयात नेहमीच सोपी. डकारच्या ताटात आशियातून आलेली तांदळाची कणी असते. वसाहतकाळात पडलेली ती सवय मोडून आपल्या नदीकाठचा तांदूळ विकणे सेनेगलच्या शेतकऱ्याला त्यामुळे आणखी अवघड गेले. शेवटी ऑगस्ट १९९३ मध्ये सीएफए नोटांची या क्षेत्राबाहेरची परिवर्तनीयता थांबली, आणि ११ जानेवारी १९९४ रोजी डकारच्या बैठकीत तेव्हाच्या १३ सीएफए देशांच्या पैशाची किंमत एका रात्रीत निम्मी झाली. पॅरिसचा आणि आंतरराष्ट्रीय नाणेनिधीचा त्यासाठी दबाव होता. भारतानेही जून १९६६ मध्ये दडपणाखाली रुपयाचे अवमूल्यन केले. पण त्याचा जाब लोकांनी दिल्लीला विचारला, आणि दिल्लीला तो टाळता आला नाही. डकारच्या औषधदुकानात दुप्पट किंमत ऐकणाऱ्या माणसाने जाब विचारायचा तो कोणाला?

पैशाचा निर्णय दूरच्या राजधानीत होण्याचा हा प्रकार मराठी वाचकाला नवा वाटू नये. १८९३ मध्ये इंग्रज सरकारने टांकसाळी चांदीला बंद केल्या, पुढे रुपया १ शिलिंग ४ पेन्सला बांधला आणि त्यासाठीची सुवर्ण गंगाजळी लंडनमध्ये ठेवली. या व्यवस्थेची चिरफाड डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९२३ च्या ‘प्रॉब्लेम ऑफ द रुपी’ या ग्रंथात केली. विनिमयदर स्थिर ठेवणे म्हणजे देशातल्या किमती स्थिर ठेवणे नव्हे, आणि सामान्य माणसाचा संबंध किमतींशी असतो, असा त्यांचा रोख होता. सीएफएवर तोच प्रश्न कॅमेरूनचे अर्थशास्त्रज्ञ जोसेफ चुंद्जांग पुएमी यांनी १९८० मध्ये ग्रंथरूपाने उभा केला.

दुसरा आक्षेप : देश स्वेच्छेने राहतात, माली १९६२ मध्ये बाहेर पडून १९८४ मध्ये परतला. मालीचे परतणे नाकारता येत नाही. मॉरिटानिया आणि मादागास्कर १९७३ मध्ये बाहेर पडले, तेही काही श्रीमंत झाले नाहीत. यावरून एवढेच सिद्ध होते की कमकुवत तिजोरीच्या एकट्या देशाला बाहेर पडणे महाग पडते. आतली व्यवस्था न्याय्य आहे हे त्यातून निघत नाही. मात्र टीकाकारांनीही एक पथ्य पाळावे. फ्रान्स या खात्यांतून दरवर्षी अब्जावधी लुटतो, हा समाजमाध्यमांवर फिरणारा दावा टिकत नाही. त्या ठेवींवर व्याज मिळे आणि पैसे काढताही येत. खरी तक्रार यापेक्षा गंभीर आहे. देशांना पतपुरवठा किती, दर काय, अवमूल्यन कधी, हे त्यांच्या मतदारांच्या आवाक्याबाहेर ठेवले गेले. फुगवलेल्या आकड्यांनी ही तक्रार खोडायला सोपी होते.

२१ डिसेंबर २०१९ रोजी आबिजानला फ्रान्सचे अध्यक्ष इमॅन्युएल मॅक्राँ आणि आयव्हरी कोस्टचे अध्यक्ष अलासान वात्तारा यांनी सुधारणा जाहीर केली : पश्चिमेच्या आठ देशांची गंगाजळी पॅरिसला ठेवायची नाही, मंडळावरचे फ्रेंच प्रतिनिधी जाणार, नाव ‘इको’ होणार. पहिल्या दोन गोष्टी झाल्या. नाव अजून बदललेले नाही. फ्रान्सची हमी आणि युरोशी बांधलेला दर कायम आहे, आणि मध्य आफ्रिकेतल्या सहा देशांना ही सुधारणा लागूच झालेली नाही.