कोल्हापूरची महाराष्ट्र फिल्म कंपनी आणि तिच्यातील स्त्रिया



आपल्या स्मरणिकेत दर वेळी पाककृती, विणकाम आणि एखादे प्रवासवर्णन असतेच. यंदा संपादक मंडळातील ताईंनी मला इतिहासावर काहीतरी लिहावयास सांगितले. इतिहास म्हटला की आपल्याला किल्ले आणि लढाया आठवतात. मी मात्र सिनेमाचा इतिहास निवडला आहे. सिनेमा आपण सगळ्याच जणी पाहतो. पण तो आपल्या महाराष्ट्रात कोणी, किती कष्टाने उभा केला आणि त्यात आपल्यासारख्या बायाबापड्यांचा वाटा किती होता, हे आपल्यापैकी फार थोड्या जणींना ठाऊक असेल.

ही गोष्ट मूकपटांच्या काळातील आहे. मूकपट म्हणजे ज्यात पात्रे बोलत नसत असा चित्रपट. पात्रांचे बोलणे पडद्यावर पाट्यांतून लिहून येई. ज्यांना वाचता येत नसे त्यांच्यासाठी थिएटरातच कोणीतरी त्या पाट्या मोठ्याने वाचून दाखवी. पडद्याच्या पुढे पेटी आणि तबला वाजत असे. दादासाहेब फाळके यांनी ‘राजा हरिश्चंद्र’ हा चित्रपट तयार केला व तो ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन थिएटरात लागला, येथून आपल्याकडच्या चित्रपटाची सुरुवात धरतात. दादासाहेबांना तारामतीच्या कामासाठी एकही स्त्री मिळाली नाही. शेवटी हॉटेलात काम करणारे साळुंके नावाचे गृहस्थ लुगडे नेसून तारामती झाले. याच वेळी दादासाहेबांच्या पत्नी सरस्वतीबाई फिल्मला भोके पाडणे, ती धुणे आणि कंपनीतील साऱ्या माणसांचा स्वयंपाक करणे अशी सगळी कामे करीत होत्या. पडद्यावर बाई नव्हती, पण पडद्यामागे होती, हे आपण लक्षात ठेवू.

‘राजा हरिश्चंद्र’ पाहून ज्यांना वेड लागले त्यांत कोल्हापूरचे दोघे भाऊ होते, आनंदराव पेंटर आणि बाबूराव पेंटर. सख्खे नव्हेत, चुलतभाऊ. त्यांचे मूळ आडनाव मेस्त्री. घराणे कारागिरांचे, सुतारकाम, मूर्तिकाम, चित्रकाम हे सारे हातात उतरलेले. नाटक मंडळ्यांचे पडदे हे दोघे इतके सुंदर रंगवीत की लोकांनी त्यांना ‘पेंटर’ हेच नाव दिले. बाबूरावांचा जन्म ३ जून १८९० चा. पुस्तकी शिक्षण बेताचेच, पण जे डोळ्यांनी पाहिले ते हातांनी करून दाखवायचे, असा स्वभाव.

आपणही चित्रपट काढावयाचा असे या भावांनी ठरविले. पण त्यासाठी कॅमेरा पाहिजे. विलायती कॅमेऱ्याची किंमत परवडण्यासारखी नव्हती, शिवाय पहिले महायुद्ध सुरू झाल्यामुळे परदेशातून माल येणेही कठीण झाले. तेव्हा कॅमेरा आपणच करावा, असे त्यांनी मनात घेतले. त्या खटाटोपात असतानाच १९१६ साली आनंदराव वारले. दुसरा कोणी असता तर तेथेच थांबला असता. बाबूरावांनी भावाचे काम पुढे चालविले. विष्णुपंत दामले हे त्यांना साथीला होते. यंत्राचे भाग कातून, घासून, जुळवून, पुन्हा मोडून शेवटी एक कॅमेरा तयार झाला. हाताने दांडा फिरवायचा आणि त्या एकसारख्या गतीवर फिल्म पुढे सरकत जायची. दांडा फिरवणाऱ्याचा हात जरा अडखळला तर पडद्यावरची माणसे धावल्यासारखी किंवा रेंगाळल्यासारखी दिसत. शिवणाच्या हातमशीनवर सरळ टीप घालताना आपल्याला जो हात सांभाळावा लागतो, तसेच काहीसे ते असावे, असे मला वाटते.

कॅमेरा झाला, आता भांडवल पाहिजे. येथे या कथेत पहिली स्त्री येते. तिचे नाव तानीबाई कागलकर. या कोल्हापूरच्या गायिका होत्या. चित्रपटाचा धंदा चालेल की बुडेल हे कोणीच सांगू शकत नव्हते, अशा वेळी तानीबाईंनी बाबूरावांना पैसा दिला आणि पहिल्या महायुद्धाच्या अखेरच्या काळात ‘महाराष्ट्र फिल्म कंपनी’ उभी राहिली. राजर्षी शाहू महाराजांच्या कोल्हापुरात गाणे, नाटक, कुस्ती, चित्रकला या सर्वांना आश्रय होता, तसा तो या नव्या कलेलाही मिळाला.

भगिनींनो, येथे मला थोडे थांबावेसे वाटते. त्या काळी गाणाऱ्या बाईकडे समाज कोणत्या नजरेने पाहत असे ते सांगावयास नको. तिचे गाणे हवे असे, पण तिला मानाने घरात बोलावणे नको असे. अशा बाईने आपल्या गळ्यावर मिळविलेला पैसा एका कारागिराच्या स्वप्नासाठी पुढे केला. आपण मंडळात वर्गणीच्या एकेका रुपयाचा हिशेब ठेवतो. घरातली शिल्लक दुसऱ्याच्या हाती देताना बाईचे मन किती मागेपुढे होते, हे आपल्याला कळते. तानीबाईंचे मन झाले नसेल काय? तरी त्यांनी दिले. बाबूरावांचे नाव पुष्कळ ठिकाणी घेतले जाते आणि ते घेतलेच पाहिजे. पण त्याच्या शेजारी तानीबाईंचे नाव नेहमी असतेच असे नाही.

कंपनीचा पहिला चित्रपट ‘सैरंध्री’. विराटाच्या घरी दासी होऊन राहिलेली द्रौपदी, तिच्यावर वाईट नजर ठेवणारा कीचक आणि भीमाने केलेला त्याचा वध, ही महाभारतातील कथा. कीचकाचे काम झुंझारराव पवार यांनी केले आणि भीमाचे बाळासाहेब यादव यांनी. ७ फेब्रुवारी १९२० रोजी तो पुण्याच्या आर्यन थिएटरात लागला. कीचकवधाचे दृश्य इतके हुबेहूब झाले होते की प्रेक्षकांत घबराट उडे, बायका किंचाळत, आणि पुढे ते दृश्य कापावे लागले असे सांगतात. लोकमान्य टिळकांनी हा चित्रपट पाहून बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ ही पदवी दिली. लोकमान्य त्यानंतर सहा महिन्यांनीच, १ ऑगस्टला निवर्तले.

या चित्रपटात स्त्रियांची कामे स्त्रियांनी केली. फाळक्यांच्या दुसऱ्या चित्रपटात, १९१३ सालीच, दुर्गाबाई कामत आणि त्यांची मुलगी कमला यांनी ती वाट पाडली होती. तरी १९२० सालीही ती वाट काट्यांचीच होती. महाराष्ट्र फिल्म कंपनीत आलेल्या दोघी म्हणजे गुलाबबाई आणि अनसूयाबाई. पडद्यावर त्यांना नवी नावे मिळाली, कमलादेवी आणि सुशीलादेवी. सिनेमात काम केले म्हणून त्यांच्या समाजाने त्यांना वाळीत टाकले. त्यांना राहायला दुसरीकडे जागा उरली नाही, तेव्हा कंपनीच्याच आवारात आसरा घ्यावा लागला.

याचा अर्थ काय होतो तो पाहा. जो समाज द्रौपदीची विटंबना पडद्यावर पाहून हळहळत होता, तोच त्या चित्रपटात काम करणाऱ्या बायांना आपल्या आळीत राहू देत नव्हता. कीचकाचे काम करणाऱ्या पुरुषाला मात्र कोणी घराबाहेर काढल्याचे माझ्या वाचनात नाही. कमलादेवींनी तरीही काम सोडले नाही. कंपनीच्या पुढच्या अनेक चित्रपटांत त्यांचे नाव दिसते.

कंपनीतले काम कसे चाले तेही समजून घेण्यासारखे आहे. आरंभी सारे चित्रीकरण सूर्यप्रकाशात होई. ढग आले की काम बंद. ऊन फार कडक झाले की वर पातळ कापड ताणायचे, कमी झाले की चकचकीत फळ्यांनी उजेड पात्रांच्या तोंडावर टाकायचा. नाटकासारखे रंगविलेले पडदे मागे सोडून देण्याची रीत बाबूरावांनी बदलली. त्यांनी भिंती, खांब, कमानी असलेले खरेखुरे देखावे उभारले. पात्रांचे पोशाख आणि प्रसंग ते आधी कागदावर रेखाटीत. जाहिरातीची भित्तिचित्रेही स्वतः रंगवीत. १९२४ च्या ‘कल्याण खजिना’चे त्यांचे भित्तिचित्र तर जुन्यांतल्या जुन्यांपैकी म्हणून आजही दाखविले जाते.

१९२३ साली ‘सिंहगड’ आला. हरि नारायण आपटे यांच्या तानाजीवरील कादंबरीवर तो बेतला होता. बाबूराव स्वतः त्यात शिवाजी महाराज झाले आणि शेलारमामाचे काम एका तरुण मुलाने केले. तो तरुण म्हणजे व्ही. शांताराम. रात्रीच्या चढाईसाठी या चित्रपटात विजेचे दिवे वापरले, आणि दिव्यांच्या उजेडात चित्रीकरण करण्याची आपल्याकडची ती सुरुवात मानली जाते. शांताराम कंपनीत आले ते उमेदवार म्हणून. पडेल ते काम करावयाचे, मग ते झाडलोटीचे असो की यंत्रशाळेतले, अशी तेथली शिस्त होती. दामले, फत्तेलाल, धायबर हे सारे याच शाळेत तयार झाले.

माझ्या मते कंपनीचे सर्वांत मोठे काम म्हणजे १९२५ चा ‘सावकारी पाश’. ना. ह. आपटे यांच्या कादंबरीवरचा हा चित्रपट. तोपर्यंत पडद्यावर देव आणि राजे दिसत. येथे पहिल्यांदा कर्जात बुडालेला कुणबी दिसला. सावकार कागदोपत्री त्याची जमीन गिळतो आणि तो पोट भरण्यासाठी शहरात गिरणीची वाट धरतो. शांताराम शेतकरी झाले होते, झुंझारराव पवार सावकार आणि कमलादेवीही त्यात होत्या. पौराणिक कथांना सरावलेल्या लोकांनी या चित्रपटाला हवा तसा आश्रय दिला नाही. आपले रोजचे दुःख पुन्हा पैसे देऊन कशाला पाहायचे, असे त्यांना वाटले असेल. पण जाणकारांनी तो लक्षात ठेवला, आणि पुढे १९३६ साली बाबूरावांनी त्याचाच बोलपट काढला.

१९२९ साली कंपनीला मोठा धक्का बसला. दामले, फत्तेलाल, शांताराम आणि धायबर हे चौघे बाहेर पडले. सीतारामपंत कुलकर्णी यांच्या भांडवलावर त्यांनी १ जून १९२९ रोजी कोल्हापुरातच ‘प्रभात फिल्म कंपनी’ काढली. ज्यांना गुरूने हाताला धरून शिकविले तेच वेगळे झाले, म्हणून कोणी त्यांना दोष देतात. मला तसे वाटत नाही. मुले कर्ती झाली की वेगळी चूल मांडतात. आईबापांना दुःख होते, पण त्यातूनच घर वाढते. मार्च १९३१ मध्ये मुंबईत ‘आलम आरा’ हा बोलपट आला आणि मूकपटांचे दिवस भरले. महाराष्ट्र फिल्म कंपनी त्याच सुमारास बंद झाली. बाबूराव पुढे काही बोलपट करून पुन्हा आपल्या कुंचल्याकडे आणि मूर्तिकामाकडे वळले. १६ जानेवारी १९५४ रोजी ते वारले.

आता पुढचे पाहा. १९३२ साली प्रभातने ‘अयोध्येचा राजा’ हा बोलपट काढला. कथा तीच, हरिश्चंद्र-तारामतीची. यावेळी तारामती झाल्या दुर्गाबाई खोटे, मुंबईच्या सुशिक्षित, प्रतिष्ठित घराण्यातील. १९१३ साली ज्या तारामतीसाठी एक बाई मिळेना, ती तारामती एकोणीस वर्षांनी दुर्गाबाईंनी केली आणि लोकांनी त्यांना डोक्यावर घेतले. दुर्गाबाईंचे धैर्य मोठेच, त्यांनाही आधी टीका सोसावी लागली होती. पण मधल्या त्या एकोणीस वर्षांत कोणी गाणाऱ्या, कोणी वाळीत पडलेल्या, अशा बाया त्या वाटेवरून चालत राहिल्या, म्हणूनच पुढे सभ्य घरांची दारे उघडली. आज आपल्या लेकी नाटकात, सिनेमात, दूरदर्शनवर काम करतात आणि आपण त्यांचे फोटो कौतुकाने शेजारणींना दाखवतो. हे कौतुक गुलाबबाई आणि अनसूयाबाई यांच्या वाट्याला आले नाही.

महाराष्ट्र फिल्म कंपनीचे बहुतेक चित्रपट आज पाहायला मिळत नाहीत. त्या काळची फिल्म चटकन पेट घेणारी असे आणि नुसती पडून राहिली तरी खराब होई. कंपनीच्या माणसांचे काम असे विरून गेले. नावे तेवढी उरली, आणि नावे टिकवणे आपल्या हाती आहे.

म्हणून एक सूचना करते. आपल्या मंडळाची सहल कोल्हापूरला गेली की अंबाबाईचे दर्शन होते, ओटी भरली जाते, रंकाळ्यावर फिरणे होते आणि चपला-साजांच्या खरेदीत संध्याकाळ संपते. पुढच्या खेपेला एक अर्धा तास राखून ठेवू या. शहरात खरी कॉर्नरला कंपनीच्या आठवणीसाठी कॅमेऱ्याचे स्मारक उभारलेले आहे. तेथे जाऊ आणि बरोबरच्या मुलींना बाबूरावांची गोष्ट सांगू. ती सांगताना तानीबाई, गुलाबबाई आणि अनसूयाबाई ही तीन नावे गाळायची नाहीत, एवढे आपण ठरवू या.