दृश्य-कादंबरीतील विद्यापीठ : ‘व्हाइट अल्बम’चा पाठेतिहास

संगणकाच्या पडद्यावर चित्र व संगीत यांच्या साथीने वाचावयाच्या जपानी कथेस ‘व्हिज्युअल नॉव्हेल’ म्हणतात. हे नाव दिसते इंग्रजी, परंतु घडले जपानात. चुन्सॉफ्ट या संस्थेने 1992 साली ‘ओतोगिरिसो’ ही भयकथा काढली व तीस ‘साउंड नॉव्हेल’ म्हटले. त्याच धर्तीवर लीफ या संस्थेने 1996 साली आपल्या कथामालेस ‘व्हिज्युअल नॉव्हेल’ हे नाव दिले. ‘साउंड’च्या जागी ‘व्हिज्युअल’ आले. ‘नॉव्हेल’ हे पद मात्र कायम राहिले. नाव देणाऱ्यांस ‘खेळ’ या पदाहून ‘कादंबरी’ हे पद जवळचे वाटले, ही गोष्ट भाषाभ्यासकाने नजरेआड करू नये.

या प्रकाराची पूर्वपीठिकाही भाषिकच आहे. युजी होरी यांच्या ‘पोर्टोपिया’ (1983) या रहस्यकथेत वाचकास क्रियापद व नाम टंकित करून आज्ञा द्यावी लागे. 1985 च्या आवृत्तीत तयार आज्ञांची यादीच समोर आली. पुढे ‘ओतोगिरिसो’मध्ये आज्ञा मागे पडल्या आणि कथेच्या ओघात येणारी पर्यायी वाक्ये वाचकापुढे ठेवली गेली. आज्ञा करणारा वाचक अशा रीतीने निवड करणारा वाचक झाला.

1 मे 1998 रोजी प्रसिद्ध झालेली लीफची ‘व्हाइट अल्बम’ ही केवळ प्रौढांसाठी असलेली कृती या क्रमातील पुढचा टप्पा होय. तोया फुजी हा तिचा नायक विद्यापीठाचा विद्यार्थी आहे. त्याची प्रेयसी युकी मोरिकावा गायिका म्हणून नुकतीच पुढे येत आहे आणि त्या व्यवसायामुळे उभयतांच्या भेटी विरळ होत जातात. आठवड्याचे दिवस अभ्यास, नोकरी व विश्रांती यांत कसे वाटावयाचे, हे वाचक ठरवितो. त्यामुळे नायकाची प्रतारणा एखाद्या निर्णायक वाक्यात प्रकट होत नाही. ती दिवसांच्या वाटणीतून नकळत वाढत जाते. महाविद्यालयीन जीवनातील सैल, मोकळा काळ येथे नुसती पार्श्वभूमी राहत नाही. तोच कथेचे यंत्र होतो.

अशा कृतींवर वयोमर्यादेची खूण असे, तिचाही इतिहास आहे. 1991 साली जपानात या व्यवसायावर मोठे सामाजिक वादळ उठले व 1992 साली उत्पादकांनी स्वतःची नीतिसंस्था स्थापन केली. पुढे 2010 साली ‘व्हाइट अल्बम’ची नवी आवृत्ती प्लेस्टेशन 3 या यंत्रासाठी निघाली. तीत पात्रांना ध्वनी मिळाला आणि प्रौढ प्रसंग गळाले. 2023 साली इंग्रजी आवृत्तीही निघाली.

येथे पाठचिकित्सेचा खरा प्रश्न उभा राहतो. गळालेले प्रसंग केवळ बाजारपेठेच्या मागणीने घातलेले प्रक्षेप होते असे मानल्यास उत्तरकालीन पाठ अधिक शुद्ध ठरेल. या पक्षात तथ्य नाही असे नाही. परंतु जी कथा मुळात विश्वासघाताची आहे, तिच्यातून देहसंबंध वगळले तर नायकाच्या अपराधाचे वजनही बदलते. तोच नायक, तीच प्रेयसी, तोच हिवाळा. आणि तरीही वाचकाने द्यावयाचा निवाडा निराळा होतो. हा दुसरा पक्ष प्रस्तुत लेखकास अधिक ग्राह्य वाटतो.

पोथीच्या बाबतीत उत्तरकालीन प्रतीवरून पूर्वप्रत अनुमानिता येते, कारण लेखनिकाच्या चुका काही नियमांना धरून होतात. सहेतुक वगळलेला मजकूर मात्र तसा माग ठेवीलच असे नाही. शिवाय जुनी तबकडी निकामी झाली, अथवा ती वाचणारे यंत्र कालबाह्य झाले, की मूळ पाठ मुका होतो. सर्वांसमोर ठेवण्याजोगा पाठ आपोआप टिकतो. संकोचाने झाकलेला पाठ कोणीतरी हेतुपूर्वक जपावा लागतो. ग्रंथालयाने त्यास वयोमर्यादेचे कुलूप अवश्य लावावे, परंतु सूचीत त्याची नोंद असावी. विद्यापीठीय जीवनाचे एका काळाने रेखाटलेले हे चित्र कोणत्या पाठावरून वाचले, हे उद्याच्या संशोधकास निःशंकपणे सांगता आले पाहिजे.