उष्टावण

बाळाला सहावा महिना लागला की कोल्हापूरकडच्या घरांत मामाला निरोप जातो. मामाच्या मांडीवर बाळ, चांदीच्या वाटीत खीर आणि पहिला घास मामाच्या हातचा. बंगालातल्या ‘मुखेभात’लाही हा मान मामाचाच.

पोथीत या संस्काराला अन्नप्राशन म्हणतात. पारस्कर गृह्यसूत्र आणि सुश्रुत दोघेही सहावाच महिना सांगतात. काश्यपसंहिता मात्र सहाव्यात फळाचा रस देऊन अन्नाला दहाव्यापर्यंत थांबवते. जागतिक आरोग्य संघटनेनं 2001 साली पहिले सहा महिने फक्त अंगावरचं दूध द्यायला सांगितलं.

घरात मात्र शब्द उष्टावणच. मूळ संस्कृत ‘उच्छिष्ट’, म्हणजे उरलेलं. ते आखडून ‘उष्टं’ झालं. त्यावरून उष्टावणं, आणि पाठवण, बोळवण यांच्या वळणानं उष्टावण. हिंदीतला ‘जूठा’ निराळ्या कुळाचा, ‘जुष्ट’ म्हणजे आवडीनं घेतलेलं, यातून आलेला.

नैवेद्य दाखवल्याशिवाय जिभेवर कण ठेवू न देणाऱ्या घरात उष्टं करण्याचाच सोहळा का व्हावा? उत्तर दुधात आहे, असं मला वाटतं. गोठ्यात पान्हा यावा म्हणून रेडकू आधी सोडतात, तरी ते दूध कुणी उष्टं मानत नाही. पान्हवताना वासराचं तोंड शुद्धच, असं मनुस्मृतीही म्हणते. दूध उष्टं होत नाही, अन्न होतं. बाळानं पहिल्यांदा अन्न उष्टं केलं की ते पंगतीतलं माणूस झालं. मला हा शब्द अन्नप्राशनापेक्षा मोठा वाटतो तो यासाठी.

दूध सुटणं ही पुढची गोष्ट. सुश्रुतानं वर्षापर्यंतचं मूल क्षीरप, दोन वर्षांपर्यंतचं क्षीरान्नाद आणि त्यापुढचं अन्नाद म्हटलं. म्हणजे दूध आणि अन्न बराच काळ जोडीनं चालायचं. शेवटच्या टप्प्याला आपल्या बायका ‘अंगावरचं तोडणं’ म्हणतात. कडुनिंबाचा पाला वाटून लावायचा आणि रडणाऱ्या पोराला दूर ठेवायचं, हे बाईनं एकटीनं सोसायचं. त्याला सोहळा नाही, मुहूर्त नाही.

खिरीचा घास एका दिवसाचा. दुसऱ्या दिवसापासून बाळाला रोज भरवायचं असतं: नाचणीचं सत्त्व, मुगाच्या डाळीचं पाणी, तूप घातलेला गुरगुट्या भात. आजऱ्याचा घनसाळ तांदूळ मिळाला तर उत्तमच.